आकाश-वाचनालय: नवीन सभासदांसाठी मार्गदर्शिका

इथे अनामत रक्कम नाही, वर्गणी नाही, पुस्तक उशिरा परत केल्याचा दंडही नाही, कारण पुस्तक घरी नेताच येत नाही. वाचनालय चोवीस तास उघडं असतं. सृष्टीच्या पहिल्या क्षणापासून जे घडलं, जे कोणी बोललं आणि जे ओठांवर आणून गिळलं, ते सगळं इथे नोंदलेलं आहे. तुमच्या पणजोबांनी वाटणीच्या वेळी कोणतं शेत लपवलं, तेही. पत्ता सोपा आहे: आकाश, पंचमहाभूतांपैकी पाचवं. साहेबी भाषेत या संग्रहाला ‘आकाशिक रेकॉर्ड्‌स’ म्हणतात आणि त्याचे वाचक जगभर आहेत.

महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालये अधिनियम, १९६७ खाली मिळणारा अ, ब, क, ड यांपैकी एकही वर्ग आमच्या वाचनालयाला मिळालेला नाही, त्यामुळे शासकीय अनुदान नाही. तपासणीला आलेल्या साहेबांपुढे दाखलनोंदवही ठेवावी लागते, ती ठेवता येत नाही. पुस्तकंही ठेवता येत नाहीत. बाकी सगळी कागदपत्रं तयार आहेत.

ही मार्गदर्शिका अगदी नवख्यांसाठी आहे. ज्यांना आधीच दिसू लागलं आहे त्यांनी ती वाचू नये, उगाच दिसायचं बंद व्हायचं.

परंपरेबद्दल काय सांगावं

आपल्या वाचनालयाला हजारो वर्षांची परंपरा आहे, असं तुम्ही लोकांना सांगणारच. सांगा. फक्त समोर कोणी संस्कृतचे निवृत्त शिक्षक बसलेले नाहीत ना, एवढं बघून घ्या. न्याय-वैशेषिकांनी आकाश हे द्रव्य मानलं ते शब्द या गुणाला आधार हवा म्हणून. तिथे कपाटं लावायचा त्यांचा विचार नव्हता. चित्रगुप्ताची अग्रसंधानी आहे खरी, पण ते दप्तर झालं, वाचनालय नव्हे. माहितीच्या अधिकारातही त्याची नक्कल मिळत नाही. संबंधित इसम मेल्यावर त्याला एकदा वाचून दाखवतात आणि प्रकरण निकाली काढतात.

सर्वांसाठी वाचनकक्ष उघडण्याची कल्पना एकोणिसाव्या शतकातली. १८७५ मध्ये न्यूयॉर्कला हेलेना ब्लाव्हाट्स्की या रशियन बाई, कर्नल हेन्री ऑल्कॉट आणि आणखी काही मंडळींनी थिऑसॉफिकल सोसायटी काढली. १८७७ मध्ये बाईंचा ‘आयसिस अनव्हेल्ड’ हा दोन खंडांचा ग्रंथ आला. फेब्रुवारी १८७९ मध्ये दोघं बोटीने मुंबईत उतरली आणि गिरगावात राहू लागली. ऑक्टोबरमध्ये ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक मुंबईतूनच सुरू झालं. पुढे बिऱ्हाड ब्रीच कँडीला गेलं आणि १८८२ च्या अखेरीला मद्रासजवळ अड्यारला. म्हणजे जवळजवळ चार वर्षं हा सगळा कारभार मुंबईतून चालला होता.

मुंबईत उतरल्यावर पहिल्या यजमानांनी मोठा स्वागतसमारंभ केला आणि नंतर पाहुण्यांच्या हातात बिल ठेवलं. घरभाडं, जेवणखाण, आणि त्या समारंभात मांडलेल्या खुर्च्यांचं भाडंसुद्धा. ऑल्कॉट यांनी हे आपल्या आठवणींत लिहून ठेवलं आहे. काळाच्या पोटातलं सगळं वाचू शकणाऱ्या मंडळाला ते बिल आधी दिसलं नाही. नवख्यांनी इथे थांबावं आणि आपल्या वाचनालयाचा पहिला नियम समजून घ्यावा: इथे फक्त मोठं दिसतं. खुर्च्यांचं भाडं दिसत नाही.

‘आकाशिक रेकॉर्ड्‌स’ हे नाव आणि वाचण्याचे नियम जास्त करून चार्ल्स लेडबीटर यांनी रूढ केले. हे पूर्वाश्रमीचे अँग्लिकन पाद्री. त्यांचं ‘क्लेअरव्हॉयन्स’ हे पुस्तक १८९९ चं. मला विचाराल तर या विषयावर इतकं गंभीर चेहऱ्याने लिहिलेलं दुसरं पुस्तक नाही, आणि म्हणूनच ते नवख्यांनी अवश्य वाचावं.

आत कसं शिरायचं

पद्धती बऱ्याच आहेत. आपल्या प्रकृतीला सोसेल ती घ्यावी.

ब्लाव्हाट्स्कीबाईंची पद्धत अशी. टेबलापाशी बसायचं, सिगारेट पेटवायची, लिहिता लिहिता एकदम मान वर करून समोरच्या रिकाम्या हवेत नजर लावायची, हवेत कोणी पुस्तक उघडून धरलं आहे अशा बेताने डोळे बारीक करायचे आणि दिसेल ते उतरवून काढायचं. न्यूयॉर्कमध्ये ‘आयसिस’ लिहिताना त्या असंच करत, असं शेजारी बसणाऱ्या ऑल्कॉट यांनी नोंदवलं आहे. ही पद्धत घरच्या घरी जमते. सिगारेट सक्तीची नाही.

दुसरी पद्धत लीव्हाय डाउलिंग या अमेरिकन गृहस्थांची. पहाटे दोन ते सहा ही त्यांची वेळ. त्या वेळात आकाशातल्या नोंदींवरून त्यांनी येशूचं आख्खं नवं चरित्र उतरवून घेतलं, ‘द ॲक्वेरियन गॉस्पेल’, १९०८. त्यात येशू हिंदुस्थानात येतो, जगन्नाथाच्या देवळात आणि काशीत राहतो. पहाटेच्या शांततेचे फायदे आपल्याकडे सगळ्यांना ठाऊक आहेत. तोटा एवढाच की त्या वेळी उठवून विचारायला कोणी इतिहासाचा प्राध्यापक जागा नसतो. पुस्तकाच्या अगदी आरंभी हेरॉड अँटिपस जेरुसलेमवर राज्य करतो आहे. अँटिपसचा अंमल गॅलिलीवर होता, जेरुसलेम कधीच त्याच्या हातात नव्हतं. थोरल्या हेरॉडचं कपाट आणि धाकट्याचं कपाट शेजारीशेजारी असणार.

तिसरी पद्धत मला मनापासून आवडते, कारण ती झोपून करायची आहे. केंटकीचे एडगर केसी (१८७७ ते १९४५) धंद्याने फोटोग्राफर. बूट आणि टाय सैल करून ते कोचावर आडवे होत, डोळे मिटत, आणि मग प्रश्न विचारला की झोपेतच उत्तर देत. पुष्कळदा प्रश्न विचारायला पत्नी आणि उतरवून घ्यायला लघुलिपिक बाई असत. अशी चौदा हजारांवर कथनं व्हर्जिनिया बीच इथे टिपून, क्रमांक घालून जपलेली आहेत. बहुतेक दुखण्याखुपण्यांबद्दल आहेत, बरीचशी मागच्या जन्मांबद्दल. ते जिथे जात त्या जागेचं वर्णनही त्यांनी केलं आहे: प्रकाशाच्या झोताने वर, टेकडीवर देऊळ, आत मोठं दालन, आणि एक वृद्ध गृहस्थ हव्या त्या माणसाचं बाड काढून हातात देतात. म्हणजे वर ग्रंथपालाची जागा भरलेली आहे. खाली कित्येक गावांत ती रिकामी असते.

केसींबद्दल अशीही गोष्ट सांगतात की लहानपणी शुद्धलेखनाचं पुस्तक उशाखाली घेऊन ते झोपले आणि उठले ते सगळं पाठ करून. हा प्रयोग मार्च महिन्यात महाराष्ट्रातल्या पुष्कळ घरांत होतो. निकाल उन्हाळ्यात लागतो.

पद्धत कोणतीही घ्या, पण लिहून घेणारं माणूस जवळ हवंच. केसींना होतं. ब्लाव्हाट्स्कीबाईंना हवेतलं वाचताना बघणारे कर्नल होते. १९१० च्या उन्हाळ्यात अड्यारला सोसायटीच्या ॲनी बेझंटबाई आणि लेडबीटर मिळून मानवजातीचा आरंभापासूनचा इतिहास पाहत होते, तेव्हा टिपून घ्यायला दोन माणसं बसवली होती. एकट्याने आकाशात वाचलं तर त्याला डोळा लागला म्हणतात. शेजारी वहीपेन्सिल घेतलेला माणूस असला की त्याचं संशोधन होतं.

काय मागावं, काय मागू नये

सगळ्यात जास्त नवखे इथे घसरतात. चष्मा कुठे ठेवला, गॅसचं कार्ड कोणत्या फाइलीत आहे, गेल्या मंगळवारी दुकानदाराने पैसे परत दिले की नाही, असलं काही विचारू नये. जे विचाराल ते किमान दहा हजार वर्षांपूर्वीचं असावं, आणि जागा शक्यतो समुद्राखाली गेलेली असावी. अटलांटिस उत्तम. चंद्र त्याहून उत्तम.

वर सांगितलेल्या उन्हाळी अभ्यासातून ‘मॅन: व्हेन्स, हाऊ अँड व्हिदर’ हे पुस्तक १९१३ मध्ये निघालं. त्यात माणसाचा प्रवास चंद्रावरून सुरू होतो. शुक्रावरून आलेल्या थोर विभूतींनी पृथ्वीवर गहू आणला, मधमाश्या आणल्या आणि मुंग्या आणल्या, हेही तिथे कळतं. गव्हाचं आणि मधमाश्यांचं समजू शकतं. मुंग्या कोणत्या हेतूने आणल्या, हे मला साखरेच्या डब्यापाशी उभं राहून विचारावंसं वाटतं.

रुडॉल्फ श्टायनर यांनी १९०४ पासून आपल्या जर्मन मासिकात आकाशातल्या बखरीवर लेखमाला चालवली. अटलांटिसचे लोक बियांमधली उगवण्याची शक्ती काढून घेत आणि तिच्यावर जमिनीपासून थोड्या उंचीवरून वाहनं उडवत, असं त्यांनी तिथे वाचलं. लेखमालेच्या सुरुवातीलाच त्यांनी सांगून टाकलं की आपल्या माहितीच्या उगमाबद्दल सध्या मौन पाळणं भाग आहे. पीएच.डी. करणाऱ्या आमच्या सभासदांनी हे वाक्य जपून ठेवावं, मात्र मार्गदर्शकांपुढे वापरून बघू नये.

काळाबद्दल एक अडचण येते. चित्र डोळ्यांपुढे स्वच्छ दिसतं, पण कोपऱ्यात तारीख छापलेली नसते. लेडबीटर यांनी याला उपाय दिला आहे. दृश्यातला एखादा शिकलेला माणूस हेरायचा आणि त्याच्या मनात शिरून तो कोणतं साल समजतो आहे ते बघायचं. नाहीतर कोणी पत्र लिहीत असेल तर त्याच्या खांद्यावरून डोकावून वर घातलेली तारीख वाचायची. मग त्या काळच्या कालगणनेवरून आपलं साल काढायचं. मला हा उपाय फार हृद्य वाटतो. सगळ्या विश्वाची नोंदवही पुढ्यात उघडी आहे, आणि तारखेसाठी रोममधल्या कोणा कारकुनाच्या पत्रात नाक खुपसायचं.

तरी या पद्धतीने आकडे काढले गेलेच. अड्यारच्या समुद्रकिनाऱ्यावर १९०९ मध्ये लेडबीटर यांना जिद्दू कृष्णमूर्ती हा मुलगा दिसला आणि हाच पुढचा जगद्गुरू असं त्यांनी ठरवलं. लगेच त्याचे मागचे जन्म वाचायला घेतले. ‘अल्सायोनी’ हे त्याचं आकाशातलं नाव. पहिले तीस जन्म १९१० पासून ‘थिऑसॉफिस्ट’मध्ये येऊ लागले. ते इ.स.पूर्व २२६६२ पासून इ.स. ६२४ पर्यंतचे होते आणि त्यांतल्या अकरा जन्मांत अल्सायोनी बाई होता. २२६६२. ‘सुमारे’ नाही, ‘अंदाजे’ नाही. गिरगावच्या बिलाइतका नेमका आकडा.

हे वाचन लोकप्रिय का झालं, हा खरा शिकण्याचा भाग. त्या जन्मकथांमध्ये अल्सायोनी एकटा नव्हता. सोसायटीतली कितीतरी हयात माणसं ताऱ्यांची आणि पुराणपुरुषांची नावं घेऊन त्यात वावरत होती: कोणी त्याचा भाऊ, कोणी बायको, कोणी सासरा, कोणी शत्रू. अड्यारमध्ये माणसं एकमेकांना विचारू लागली, तुम्ही ‘लाइव्ह्ज’मध्ये, म्हणजे त्या जन्मकथांत, आहात का? आणि असाल तर अल्सायोनीच्या किती जवळच्या नात्यात? लग्नाच्या पंगतीत मुलाकडचे की मुलीकडचे हे विचारतात, तसंच. ज्यांना आत जागा नव्हती ते हिरमुसले. तेव्हा नवख्या वाचकाने आपल्या गटातल्या प्रत्येकाला एखादा तरी जन्म काढून द्यावा. तिथे जागेचा प्रश्नच नाही.

एक धोका मात्र आहे. चरित्रनायक हयात असू नये. त्या जन्मांचं वाढवलेलं पुस्तक १९२४ मध्ये दोन खंडांत निघालं, आणि १९२९ मध्ये हॉलंडात ओमेन इथे कृष्णमूर्तींनी त्यांच्याचसाठी उभारलेला संघ हजारो अनुयायांपुढे बरखास्त केला. जगद्गुरुपद नको म्हणाले. पुस्तकातला नायक उठून उभा राहिला आणि पुस्तक मिटून गेला, असं आपल्या वाचनालयाच्या इतिहासात एकदाच झालं आहे.

आपलं पुस्तक दुसऱ्याच्या कपाटात सापडलं तर

आकाशात वाचून उतरवलेला मजकूर कोणी तरी साध्या ग्रंथालयात दाखवून देतं. हा प्रसंग प्रत्येक सभासदावर कधी ना कधी येतो, तेव्हा उत्तरं आधीच तयार असावीत. आपल्या पूर्वसूरींनी ती तयार करून ठेवली आहेत.

पहिलं उत्तर, दमणुकीचं. अलाहाबादच्या ‘पायोनियर’चे संपादक ए. पी. सिनेट यांनी ‘द ऑकल्ट वर्ल्ड’ (१८८१) मध्ये कूट हुमी या हिमालयपलीकडच्या महात्म्याची पत्रं छापली. १८८३ मध्ये हेन्री किडल हे अमेरिकन गृहस्थ पुढे आले आणि म्हणाले, या पत्रातला मजकूर माझ्या १८८० च्या व्याख्यानातला आहे, जवळजवळ शब्दशः. महात्म्यांचा खुलासा आला. पत्र मनाने एका तरुण शिष्याला सांगितलं होतं, आपण अठ्ठेचाळीस तास घोड्यावर होतो, अर्धवट झोपेत होतो, तपासायचं राहून गेलं आणि अवतरणचिन्हं गळाली. हे उत्तर आजही चालेल. फक्त घोडा बदलावा लागेल.

दुसरं उत्तर, आरशाचं. ब्लाव्हाट्स्कीबाईंनी दिलेले पृष्ठांक पुष्कळदा चुकत. सोबतच्या मंडळींचं म्हणणं असं की सूक्ष्म प्रकाशात सगळं उलटं दिसतं, त्यामुळे १२३ चं ३२१ होतं. या उत्तराची खुबी अशी की प्रत्येक चुकीने दावा पक्काच होत जातो.

तिसरं उत्तर नाही, आणि इथे जरा सांभाळून. विल्यम एमेट कोलमन नावाच्या अमेरिकन अभ्यासकाने बाईंचे ग्रंथ घेतले आणि एकेक ओळ लावत बसला. १८९५ मध्ये त्याने निष्कर्ष छापला: ‘आयसिस’मध्ये शंभरेक पुस्तकांतले दोनएक हजार उतारे मूळ लेखकाला श्रेय न देता आले आहेत. ही शंभर पुस्तकं बहुतेक त्याच शतकातली, दुकानात मिळणारी. ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ (१८८८) या मोठ्या ग्रंथाच्या दोन मुख्य आधारांपैकी एक विज्ञानाचं अमेरिकन पुस्तक होतं, आणि दुसरं, जरा बसून घ्या, एच. एच. विल्सन यांनी १८४० मध्ये केलेलं विष्णुपुराणाचं भाषांतर.

ज्या विष्णुपुराणावर आपल्याकडे देवळाच्या ओसरीवर पुराणिकबुवा चातुर्मासभर बोलतात आणि ऐकणाऱ्या आज्जी वाती वळता वळता मान हलवतात, ते पुराण कलकत्त्याहून लंडनला गेलं, इंग्रजीत छापलं गेलं, तिथून आकाशात चढलं आणि गुप्तज्ञान होऊन पुन्हा हिंदुस्थानात उतरलं. काखेत कळसा म्हणतात तो हा. आणि गंमत म्हणजे उतरल्यावर आपल्याच इंग्रजी शिकलेल्या मंडळींनी ते जास्त आदराने वाचलं. या एका मुद्द्यावर मला त्या बाईंचा राग येत नाही, आपलाच येतो. त्यांनी निदान त्या पोथीला मान दिला. आपण ती आज्जींसाठी ठेवली होती.

भाषेची अडचण

‘सीक्रेट डॉक्ट्रिन’चा पाया असलेला ग्रंथ म्हणजे झ्यानचे श्लोक. पोथी ताडपत्रांची. पाणी, अग्नी आणि हवा यांचा काही परिणाम होणार नाही अशी कुठल्या तरी अज्ञात क्रियेने पक्की केलेली. भाषा सेन्झार. ही भाषा कोणत्याही विद्यापीठात शिकवत नाहीत, त्यामुळे परीक्षक मिळत नाही आणि नापास होण्याची भीती नाही. पुढे विद्वानांनी या श्लोकांचं मूळ कोणी ज्यू गूढग्रंथांत, तर कोणी तिबेटी कालचक्रतंत्रात शोधलं.

अशा पोथ्यांचा साठा कुठे आहे तेही त्याच पुस्तकाच्या प्रस्तावनेत दिलं आहे. तिबेटच्या उत्तरेला आल्तिन-ताघ डोंगररांगेत एका खोल दरीत एक वाडी आहे, तिच्याखाली भुयारं आहेत, आणि त्यांत इतकी पुस्तकं आहेत की ब्रिटिश म्यूझियममध्येसुद्धा मावणार नाहीत. महात्म्यांची मूळ पत्रं मात्र १९३९ मध्ये ब्रिटिश म्यूझियमलाच दिली गेली आणि ती तिथे मावली. आज ती ब्रिटिश लायब्ररीत आहेत.

भविष्याच्या विभागाबद्दल

हा विभाग सर्वांना खुला असला तरी नवख्यांनी टाळावा. जायचंच असेल तर केसींचा कित्ता गिरवावा. अटलांटिसचा एक भाग १९६८ किंवा १९६९ मध्ये वर येईल, असं त्यांनी झोपेत सांगितलं आणि १९४५ मध्ये ते गेले. तारीख अशी आपल्या पलीकडची धरावी. नशीब असं की १९६८ मध्येच बहामा बेटांजवळ बिमिनीला पाण्याखाली दगडांची एक लांब ओळ सापडली. भूशास्त्रज्ञ म्हणतात, हा किनाऱ्यावर आपोआप तयार होणारा खडक. भक्त म्हणतात, रस्ता. केसींनी स्फिंक्सच्या पंज्यांजवळ एक नोंदींचं दालन असल्याचंही सांगितलं होतं. तिथे शोधणारे अजून थकलेले नाहीत.

संलग्न शाखा

तमिळनाडूतल्या वैदीश्वरन कोविलची नाडीपट्टी, म्हणजे ताडपट्टीवरचं भविष्य, ही आमची अधिकृत शाखा नव्हे, पण व्यवहार मिळताजुळता आहे. आता पुण्या-मुंबईतही नाडीकेंद्रं निघाली आहेत. पुरुषांचा उजवा अंगठा, बायकांचा डावा. ठसा घेतल्यावर आतून पट्ट्यांचा गठ्ठा येतो आणि प्रश्न सुरू होतात. वडिलांचं नाव ‘स’पासून आहे का? नाही. बरं, ‘र’पासून? दोन भावंडं? हो. पट्टी तुमची नसेल तर पुढची काढतात. तुमच्या होकारांवर तुमची पट्टी हळूहळू जुळत जाते आणि शेवटी ती अगदी तुमचीच निघते. आमच्याकडे अंगठा लागत नाही, एवढाच फरक.

दुसरं वाचनालय

मार्गदर्शिकेत खरं तर हे यायला नको, पण कोणीतरी विचारतंच. हो, अड्यारला एक दिसणारं वाचनालयही आहे. ते ऑल्कॉट यांनी १८८६ मध्ये काढलं. त्यात ताडपत्रांवरच्या आणि कागदावरच्या हजारो संस्कृत पोथ्या आहेत, त्यांच्या सूची छापल्या आहेत, आणि संशोधक तिथे जाऊन त्या वाचतात. अग्नीचा परिणाम होणार नाही अशा त्या पोथ्या नाहीत. वाळवीचाही होतो. त्याच मद्रासमधून १९३१ मध्ये रंगनाथनांनी ग्रंथालयशास्त्राची पाच सूत्रं छापली. पुस्तकं वापरासाठी असतात, वाचकाचा वेळ वाचवावा, वगैरे. आकाश-वाचनालयात त्यांतलं एकही लागू होत नाही.

मुंबईच्या दिवसांत या मंडळींच्या भोवती आपली माणसंही होती. तुकारामतात्या पडवळ हे त्यांतले एक. १८६१ मध्ये ‘जातिभेदविवेकसार’ लिहिणारे हे गृहस्थ पुढे थिऑसॉफिस्ट झाले, पण आकाशात डोळे लावून बसण्यापेक्षा त्यांनी तुकोबांची गाथा आणि संस्कृत ग्रंथ छापण्याचा उद्योग केला. दुसरे दामोदर मावळंकर. विशीत घर, पैसा, जात सगळं बाजूला ठेवून ब्लाव्हाट्स्कीबाईंच्या कामाला लागलेले. कोणी पोथी हवेत वाचली, कोणी झोपेत. हा एकटाच असा निघाला की ज्याला ते भुयारापलीकडचं जग पायी जाऊन बघावंसं वाटलं. फेब्रुवारी १८८५ मध्ये तो अड्यारहून निघाला, दार्जिलिंगवरून सिक्किममार्गे तिबेटकडे गेला आणि परत आला नाही. त्याच वर्षी लंडनच्या सोसायटी फॉर सायकिकल रिसर्चने आपले तपासनीस हॉजसन यांचा अहवाल छापला आणि महात्म्यांची पत्रं ही बाईंचीच करामत असल्याचं म्हटलं. दामोदरला ते वाचायला मिळालं नसावं.

ग्रंथपालपदी बढती

साध्या वाचनालयात वाचकाचा ग्रंथपाल व्हायला रीतसर शिक्षण लागतं. इथे दोन रविवारांचा वर्ग पुरतो, शेवटी प्रमाणपत्र मिळतं आणि आपणच दुसऱ्यांची बाडं काढून देऊ लागतो. तुमच्याकडे पहिल्या येतील त्या बहुधा शेजारच्या काकू. पुढे दिलेला संवाद नमुना म्हणून पाठ करावा.

काकू म्हणतील, “अरे, तू म्हणे वरचं वाचतोस. आमच्या सासूबाईंनी जाताना पाटल्या कुठे ठेवल्या, तेवढं बघ की.”

इथे ‘माळ्यावरच्या पितळी डब्यात’ असं उत्तर कितीही ओठांवर आलं तरी देऊ नये. काकू पाच मिनिटांत माळ्यावर चढतील.

“काकू,” डोळे बारीक करून म्हणावं, “त्या पाटल्यांवरून तुमचं नि सासूबाईंचं हे तिसऱ्या जन्मातलं भांडण आहे. मला नाईल नदी दिसते आहे.”

“अगंबाई! आणि तेव्हा मिळाल्या होत्या का मला?”

“अर्ध्या.”

“आणि अर्ध्या धाकट्या सुनेला.”

“मी कुठे म्हटलं?”

“तू कशाला म्हणायला हवं? मला ठाऊकच होतं. या जन्मीसुद्धा तिच्याचकडे असणार. बाराव्याच्या दिवशी किती वेळ आतल्या खोलीत होती!”

मानधन घ्यावं. पुढच्या आठवड्यात काकू धाकट्या जाऊबाईंचे मागचे जन्म काढून घ्यायला येतील, त्यासाठी तासभर मोकळा ठेवावा. आणि त्याच्या पुढच्या आठवड्यात धाकट्या जाऊबाई येतील, त्यासाठी दोन तास.